मॅच संपल्यावर

केंब्रिजमध्ये माझ्या फ्लॅटसमोर ओळीने पाच झाडं आहेत. मे सरत आला. चार झाडं हिरवीगार झाली आणि पाचवं अजून उघडंच उभं आहे. परवा कचऱ्याचं बिन ठेवायला खाली गेले, तर शेजारची बाई त्याच्याकडे बघत म्हणाली, "मेलंय बहुतेक. कौन्सिलला कळवायला हवं." मी मान हलवली.

मेलेलं नाही हे मला माहीत होतं. ते ॲश आहे. त्याच्या कळ्या काळ्या असतात, काजळी धरल्यासारख्या, आणि इथे सगळ्यांत शेवटी उघडतात. एवढं एक वाक्य बोलायचं होतं. पण ती भराभर बोलली होती, तिचं पुढचं वाक्य माझ्याकडून निसटलं होतं, आणि जे निसटलं ते परत विचारण्यापेक्षा मान हलवणं सोपं असतं.

ही सवय जुनी आहे. पुण्यात आमच्या इंग्लिश मीडियम शाळेत एकदा "पार्डन मिस?" चालायचं. दुसऱ्यांदा विचारलं की मागच्या बाकांवर खुसखुस सुरू व्हायची. म्हणून मी एकदासुद्धा विचारायचं सोडून दिलं. दुसरीत अशीच मान हलवली आणि दुसऱ्या दिवशी कळलं की फॅन्सी ड्रेसमध्ये मी टोमॅटो होणार आहे. आईनं एका रात्रीत लाल सॅटिनचा टोमॅटो शिवला. घरी सगळ्यांना ती गोष्ट अजून हसवते. मीही हसते. मान हलवण्यानं फार फार तर टोमॅटो होतो माणूस, असं मला बरीच वर्षं वाटत होतं.

गेल्या वर्षी याच दिवसांत मी एका माणसाला मान हलवून "येस, ऑफ कोर्स" म्हणाले. कशाला हो म्हटलं, ते मला नऊ महिन्यांनी कळलं.

केंब्रिजला येण्याआधी कॉव्हेंट्रीत मी ज्यांच्या घरी राहत होते, ते कॅप्टन. ती खोली मला आमच्या ओळखीच्या लिमये काकूंनी मिळवून दिली होती. काका तिथल्या हॉस्पिटलात डॉक्टर, आणि कॅप्टनची बायको नुला त्याच हॉस्पिटलात नर्स होती. ती जाऊन सहा वर्षं झाली होती. काकू फोनवर म्हणाल्या होत्या, "अगं, आयरिश आहेत. आर्मीतले. शूज दारात काढ, बाथरूम कोरडं ठेव, बाकी काही म्हणणार नाहीत. आणि ते बोलतात ते मला तीस वर्षांत कळलेलं नाही, तेव्हा तू घाबरू नकोस. नुसतं हसायचं."

मी हसायला शिकलेलीच होते.

कॅप्टन उंच होते, ऐंशीच्या पुढचे. शनिवारी सकाळी वर्तमानपत्र पसरून दोन जोड बूट पॉलिश करायचे, कुठेही जायचं नसलं तरी. चहा इतका काळा करायचे की चमच्याचा तळ दिसू नये. कप धरताना उजव्या हाताची करंगळी बाहेर राहायची, एखाद्या लॉर्डसारखी. पहिल्याच आठवड्यात त्यांनी मला तिच्याकडे बघताना पकडलं. "लोकांना वाटतं मला मॅनर्स आहेत," ते म्हणाले. "मोडलं होतं. वाकडं बसलं."

करंगळी हर्लिंग खेळताना मोडली होती. हॉकी, क्रिकेट आणि मारामारी एकत्र केली तर जे होईल, तो हा आयरिश खेळ. लाकडाची रुंद टोकाची काठी, तिला हर्ली म्हणतात, आणि कातड्याचा टणक चेंडू. चेंडू हवेत मारायचा, पळता पळता काठीच्या टोकावर तोलायचा. त्यांच्या काळी डोक्यावर काही घालत नसत. कॅप्टन सात वर्षं त्यांच्या काउंटीकडून, म्हणजे जिल्ह्याच्या संघाकडून, खेळले होते. स्वयंपाकघराच्या दारामागे त्यांची हर्ली टांगलेली होती, टोकाला पत्र्याची पट्टी ठोकलेली, मूठ काळी पडलेली.

"ऑल ॲश," ते तिच्यावरून हात फिरवत म्हणाले. मी ते तसंच आईला सांगितलं.

"राखेची काठी?" आई म्हणाली. "अगं, विभूती वगैरे लावतात का तिला?"

ॲश म्हणजे झाडही असतं हे मलाही तेव्हाच कळलं. घरामागच्या बागेच्या टोकाला एक होतं. कॅप्टननी मला त्याच्या काळ्या कळ्या दाखवल्या. मग बुंध्याशी काठी टेकवून दाखवलं की जमिनीपाशी जिथे खोड मुळाकडे वळतं, तिथूनच हर्ली कापायची. तिथे लाकडाच्या रेषाच वळलेल्या असतात. सरळ फळीतून वाक कापलास तर पहिल्या फटक्याला मोडेल. हे सगळं मला एका दमात कळलं नाही. दोन चहा आणि एक कागदावरचं चित्र, एवढं लागलं.

त्यांचं आयुष्य मला असंच तुकड्यातुकड्यांनी कळलं. मोठ्या कुटुंबात सगळ्यात धाकटे. अठराव्या वर्षी आर्मीच्या कॅडेट स्कूलमध्ये. आठवडाभर परेड, रविवारी खेळ. कमांडिंग ऑफिसरला स्वतःला खेळाचं वेड, त्यामुळे सुट्टी मागावी लागायची नाही. मग एका वर्षी त्यांच्या युनिटला शांतिसेनेबरोबर सायप्रसला पाठवलं. सहा महिन्यांसाठी. ते नाही म्हणू शकले असते का? मी विचारलं नाही. नेमकी त्याच उन्हाळ्यात त्यांची काउंटी फायनलला गेली. कॅप्टननी ती मॅच तंबूत रेडिओवर ऐकली. खरखरीतून अधूनमधून नावं यायची, आणि त्यांच्या जागेवर खेळणाऱ्याचं नाव दोनदा आलं.

"जिंकले?" मी विचारलं.

"जिंकले," ते म्हणाले. "तो माझ्यापेक्षा बरा होता. तेच तर."

परत आल्यावर त्यांना पुन्हा कधी संघात घेतलं नाही. सायप्रसला ते हर्ली घेऊन गेले होते. पाण्याच्या टाकीच्या भिंतीवर रोज संध्याकाळी चेंडू मारायचे. बरोबरच्या माणसांना सिगारेट आणि पत्त्यांत रस. त्या भिंतीबद्दल कॅप्टन एकदा हळू आणि अगदी स्पष्ट बोलले, म्हणून ते मला पूर्ण कळलं. म्हणाले, भिंत चेंडू परत देते, पण तुझाच चेंडू, तुझ्याच जोराने. तिला कधी काही सुचत नाही.

पुढे नुलासाठी त्यांनी आर्मीही सोडली. तिला कॉव्हेंट्रीचं हॉस्पिटल सोडवेना. "मेजर झालो असतो," असं ते म्हणायचे ते मात्र हसून.

एप्रिलमध्ये त्यांना छोटासा स्ट्रोक आला. चार दिवसांत घरी आले, पण तोंडाची डावी बाजू किंचित उतरली आणि डाव्या हातातली ताकद गेली. शब्दांच्या कडाही झिजल्या. आधीच निम्मं कळायचं, आता त्यातलंही निम्मं. त्यांची मुलगी ईफा मिल्टन कीन्सला राहायची, दर बुधवारी यायची. ती लहानपणापासून ऐकत आलेली. तिला सगळं कळायचं, निदान मला तसं वाटायचं. मी हसत होते, मान हलवत होते आणि ताटल्या पुसत होते.

आणि मग ॲशला पालवी फुटली. मेचा शेवटचा आठवडा असेल. मी कामावरून आले तर कॅप्टन बागेत उभे होते, हातात एक हर्ली. दारामागची नव्हे, दुसरी, लहान.

"स्ट्रेट," ते म्हणाले. "सरळ उभी राहा."

मी सरळ उभी राहिले. आर्मीचा माणूस, मला वाटलं पोक काढू नको म्हणताहेत. आईही म्हणतेच. त्यांनी ती काठी माझ्या पायाशी उभी धरली, तिचं वरचं टोक माझ्या कमरेच्या हाडापाशी आलं, आणि ते "ग्रँड" म्हणाले. मग माझा हात मागितला. पंजा उलटसुलट करून पाहिला, सोडला. आणि बोलायला लागले. लांबलचक बोलले. मला ऐकू आलं ते एवढंच: "सन्डेज", मग "आफ्टर द मॅच", मग काहीतरी "पक-अबाऊ", आणि शेवटी अगदी स्पष्ट, "विल यू?"

त्यांचे डोळे निळे होते आणि वाट बघत होते.

पार्डन, एवढंच म्हणायचं होतं. पण स्ट्रोकनंतर पार्डन म्हटलं की त्यांचा चेहरा पडायचा, हे मी पाहिलं होतं. पोस्टमन म्हणाला होता, फार्मसीतली मुलगी म्हणाली होती. मी ते म्हणणार नव्हते. मला ती माझी माया वाटली. आज वाटतं, मायेच्या पांघरुणाखाली लाजच होती.

"येस," मी म्हणाले. "ऑफ कोर्स."

"गुड गर्ल," ते म्हणाले, आणि लहान काठी काखेत घेऊन आत गेले. त्या दिवशी ते शीळ घालत होते.

मी खोलीत बसून कोडं सोडवलं. सन्डेज, आफ्टर द मॅच, पॅक अप. रविवारी दुपारी ते स्वयंपाकघरात मॅच लावून बसत. कधी ईफाने लावून दिलेल्या टॅबवर, नाहीतर रेडिओवर. टेबलावर चहाची किटली, बिस्किटांचा डबा, सँडविचच्या कडा पसरलेल्या असत. डाव्या हातानं आता त्यांना आवरता यायचं नाही. मॅच संपल्यावर आवरशील का, असं ते विचारत होते. किती संकोचानं विचारलं, मला वाटलं, आणि मला त्यांची दया आली.

त्या रविवारपासून मॅच संपली की मी खाली जायची. ते म्हणायचे, "अगं, राहू दे गं," असं काहीसं. मी म्हणायची, "नो नो, आय प्रॉमिस्ड." मग ते माझ्याकडे जरा चक्रावून बघायचे, आणि बागेचं दार उघडून बाहेर जायचे. मी कप विसळायची, डबा बंद करायची, टेबल पुसायची, नळ बंद करायची. मग वर जायची. दिलेला शब्द पाळल्याचं समाधान असायचं मला. परक्या देशात कुणाच्या तरी उपयोगी पडतेय, असं मी आईला सांगितलंही.

वर माझी लॉफ्टची खोली घराच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत होती, एक खिडकी रस्त्याकडे, एक बागेकडे. बागेकडच्या खिडकीला जाळीचा पडदा होता. त्यामागे उभं राहून मी त्यांना बघायची. मला माणसांना असं बघायला आवडतं, त्यांच्या नकळत. कॅप्टन ॲशखाली उभे असायचे. हातात मोठी हर्ली, लहान भिंतीला टेकवलेली. तिच्या मुठीला आता नवी निळी टेप गुंडाळलेली दिसायची. चेंडू गवतावर. ते चेंडू काठीच्या टोकावर उचलायचे, दोनतीनदा झेलायचे, खाली पडला की बराच वेळ त्याच्याकडे बघायचे, कारण वाकणं जड जायचं. मग घराकडे बघत नुसते उभे राहायचे. कधी काठी उंच करायचे. खांदा मोकळा करताहेत, मला वाटायचं. त्यांना एकटं राहायचं असतं, जुन्या दिवसांत, मला वाटायचं. मी मोडता घालू नये. किती समजूतदार होते मी.

एका रविवारी पाऊस येणारसं वाटलं आणि माझे कपडे बागेत दोरीवर होते. खाली गेले. मला दारात बघून कॅप्टन एकदम ताठ झाले. त्यांनी घाईनं लहान हर्ली उचलली आणि दोन पावलं पुढे आले, काठी माझ्याकडे आडवी धरून. वाटेतून दूर करताहेत असं मला वाटलं. "सॉरी सॉरी," मी म्हणाले, त्यांना वळसा घालून दोरीपाशी गेले, कपडे कवेत घेतले, हसले, मान हलवली, आणि आत आले. दार लावताना पाहिलं, तर ते काठी तशीच धरून उभे होते.

हा एक प्रसंग मी कुणालाच सांगितलेला नाही. इथे लिहिलाय तो पहिल्यांदा, आणि मराठीत, कारण ही भाषा मला अर्धी कधी ऐकू येत नाही.

सप्टेंबरमध्ये मला केंब्रिजला नोकरी लागली. निघताना कॅप्टन बूट चकचकीत करून दारात उभे होते. म्हणाले, "नेक्स्ट समर, सो." हे मात्र मला कळलं. निरोपाचं बोलणं, मला वाटलं, आपल्याकडे "या हं परत" म्हणतात तसं. मी म्हणाले, "येस."

फेब्रुवारीत काकूंचा फोन आला. "बस खाली आधी. बसलीस? आपले कॅप्टन गेले गं. परवा, झोपेत. काही त्रास नाही झाला. ईफा तुझा नंबर मागत होती."

मी गेले. दफनानंतर चर्चच्या हॉलमध्ये सँडविचेस होती, काळा चहा होता, अनोळखी म्हातारे मोठमोठ्यानं हसत होते. त्यांच्याकडे असं हसतात. ईफा मला बघून सरळ माझ्याकडे आली आणि तिनं मला मिठी मारली.

"तूच ती," ती म्हणाली. "डॅडना तुझं फार कौतुक. फोनवर सारखं तुझंच. तुला पक अबाउट करायला शिकवणार होते ना? रविवारी मॅचनंतर. तू हो म्हणालीस म्हणून किती खूश होते! मी विचारायचे, खेळलात का? तर म्हणायचे, अजून नाही. शी इज शाय. आधी ती भांडी घासते, मग वर जाते. पण येईल. हो म्हणालीय ती."

"पक अबाउट म्हणजे?" मी विचारलं. नऊ महिने उशिरा, पण विचारलं.

"मॅच वगैरे नाही गं. नुसतं दोघांनी समोरासमोर उभं राहून एकमेकांकडे चेंडू मारायचा. आई असेपर्यंत ती खेळायची त्यांच्याशी. ती हर्ली आईचीच. तुझ्या मापाची निघाली म्हणाले."

मी हातातला कप धरून उभी होते. ईफा अजून हसत होती, मग माझ्याकडे बघून थांबली. मी तिला सांगितलं. सगळं नाही, पण मला कळलं नव्हतं आणि मी मान हलवली होती, एवढं. पॅक अप सांगितलं. ती आधी हसली, मोठ्यानं, त्या म्हाताऱ्यांसारखी, आणि मग हसता हसताच तिचा चेहरा मोडला. "ओ डॅडी," ती म्हणाली. मला नाही, त्यांना.

घरी येऊन मी कॅलेंडर काढलं. सोळा रविवार होते. सोळा रविवार तो माणूस नळ बंद व्हायची वाट बघत झाडाखाली उभा होता. ज्या खेळात त्यांची जागा दुसऱ्याला गेली, त्या खेळातलं सगळ्यात लहान, दोन माणसांपुरतं उरलेलं सुख ते मागत होते, आणि त्यांच्यासमोर मी पुन्हा भिंत उभी केली. तीही मान हलवणारी.

गेल्या रविवारी ईफानं बोलावलं. घर विकलंय, जून अखेर द्यायचंय. म्हणाली, तुझ्या वस्तू असतील तर बघ. माझ्या वस्तू नव्हत्या. गेले मात्र. स्वयंपाकघरात खोकी होती. दारामागे मोकळा खिळा. मोठी हर्ली त्यांच्याबरोबर गेली होती. लहान हर्ली ईफानं माझ्या हातात दिली. निळी टेप मी पहिल्यांदा जवळून पाहिली. ती एका हातानं गुंडाळलेली होती, कुठे सैल, कुठे दुहेरी, शेवट दातानं तोडलेला.

मी ती घेऊन बागेत गेले. ॲशला या वर्षी अर्ध्याच फांद्यांना पालवी आहे. देशभर त्या झाडांना रोग लागलाय, नवे मालक तोडणार आहेत म्हणे. मी बुंध्यापाशी उभी राहिले, ते राहायचे तिथे, आणि घराकडे तोंड केलं.

संध्याकाळचे सहा वाजले असतील. ईफा वर माझ्या खोलीत पडदे काढायला गेली होती. रस्त्याकडच्या खिडकीतून ऊन आरपार येत होतं, आणि बागेकडच्या जाळीच्या पडद्यावर ईफा दिसत होती. सिनेमाच्या पडद्यावर दिसावी तशी. तिचा अंबाडा, कोपर, पडद्याला धरलेली बोटं. सगळं.

म्हणजे मीही दिसत होते.

प्रत्येक रविवारी. मी तिथे उभी आहे, त्यांच्याकडेच बघतेय, आणि खाली येत नाहीये, हे त्यांना दिसत होतं. काठी उंच करायचे ते खांद्यासाठी नव्हे. मला बोलावत होते. आणि तरीही त्यांनी ईफाला सांगितलं, येईल, हो म्हणालीय ती.

वर पडदा बाजूला झाला. खिडकी उघडून ईफा वाकली आणि काहीतरी म्हणाली. रस्त्यावरून बस जात होती, झाडाची पानं वाजत होती, मला कळलं नाही. माझी मान हलायला लागलीसुद्धा. ती मी थांबवली. प्रयत्न करून, हातानं धरावी तशी.

"पार्डन?" मी ओरडले. "ऐकू नाही आलं! परत सांग!"

ईफा जराही त्रासली नाही. तिनं तोंडाभोवती हात धरले आणि पुन्हा सांगितलं.

चहा घेणार का, एवढंच विचारत होती.